खासगी सहल, एक दिवस, जेवणासह

सकाळी सहाला औंधच्या हॉटेलखाली गाडी लावली.
पाहुणी एकच. पाटीवर मी लिहिलं होतं
इश्चेल, आणि खाली बारीक अक्षरात: होनप, परवानाधारक.
मक्यावरच्या कुठल्याशा परिषदेला आलेली,
ग्वाटेमालाच्या डोंगरातली,
उंचीने माझ्या खांद्याला, चालीने माझ्या पुढे.

चाकणला तासभर अडकलो.
कंटेनरच्या मागून सूर्य वर आला,
तेवढ्यात मी सातवाहन उरकून घेतले:
राणी नागनिका, यज्ञ, दान, कल्याण, पैठण.
सतरा वर्षं घासून गुळगुळीत झालेली वाक्यं.
ती ऐकत होती
जसा एखादा आचारी दुसऱ्याच्या घरी जेवतो.

नारायणगावला मिसळ. म्हटलं, तिखट आहे, जपून.
तिने कटाची वाटी तोंडाला लावली.
"मिरची आमच्याकडून आली तुमच्याकडे," म्हणाली.
घाम माझ्याच कपाळावर.

नाणेघाटाच्या लेण्यात गारवा होता.
मी आकडे दाखवले: इतक्या गायी, इतके घोडे, इतकी नाणी.
आणि पुढचं वाक्य,
शून्य आम्ही दिलं जगाला,
ओठांपर्यंत आलं होतं,
एवढ्यात ती उकिडवी बसली, धुळीत बोट टेकवलं.
ठिपका म्हणजे एक. आडवी रेघ म्हणजे पाच.
मग एक शिंपला काढला, मन लावून, कडा मुरडून.
"हे काहीच नाही," ती म्हणाली. "म्हणजे शून्य."
मी वाक्य गिळलं. जड होतं.

मागच्या भिंतीवर राजघराण्याची नावं,
खाली दगडात नुसती पावलं.
मधली माणसं फुटून गेलेली.
ती बराच वेळ त्या पोकळीकडे बघत राहिली.
"आमच्याकडे उलटं. माणसं आहेत,
नावं लोकांनी संग्रहालयात नेली."

तिचा भाऊही हाच धंदा करतो. टोपी, छत्री, पाण्याच्या बाटल्या.
देवळाच्या पायऱ्यांवर पाहुणे त्याला विचारतात,
माया लोक शेवटी गेले कुठे?
तो घड्याळ बघतो.
म्हणतो, एक वाजलाय, जेवायला गेले असतील.

मी मोठ्याने हसलो. मग आठवलं,
सातवाहन कुठे गेले, हे मीच विचारतो रोज,
पाहुण्यांकडे तोंड करून,
घाटघरकडे पाठ करून.

दगडी रांजणापाशी ठमाबाईची शेगडी.
कणीस भाजून तिने लिंबू चोळलं.
इश्चेलने दाणे मोजल्यासारखे खाल्ले, आईला ओळखावं तसे.
"कुठली म्हनायची बाई?"
माया आहे, मी सांगितलं.
"ग्वाड नाव हाये."
नाव नाही हो, ते लोक. त्यांना म्हणतात माया.
"आसंल," ठमाबाई म्हणाली,
आणि राखेचे हात पदराला पुसून
सरळ तिच्या भरतकामाच्या झंपराची कड उलटी केली,
शिवण बघितली, चिमटीत धरून.
"माया चांगली सोडलीया. दोन बोटं.
अंगानं भरली तरी उसवून व्हईल."

ती काय म्हणाली? इश्चेलने विचारलं.

सतरा वर्षांत पहिल्यांदा मी अडलो.
शिलाईचं कापड म्हणालो. मग म्हणालो, जास्तीचं.
वरून दिसत नाही, आत दुमडून ठेवतात,
पुढे लागेल म्हणून.
याच शब्दाचा दुसरा अर्थ जीव लावणं,
तिसरा, गाठीला बांधलेला पैसा,
चौथा, जे दिसतं पण नसतं.
माझी इंग्रजी चाकणसारखी तुंबली.
तिने कड पुन्हा उलटली, स्वतः बघितली,
आणि तशीच ठेवली, परतताना गाडीतही,
आतली बाजू बाहेर.

रात्री नऊला औंध. पावती फाडली:
गाडी, चहा, मिसळ, प्रवेश नि:शुल्क.
कणसाचे पैसे ठमाबाईने घेतले नव्हते.
तिथे काय लिहावं कळेना.
मी एक शिंपला काढला,
जमला नाही फारसा.